'ष्ट्र'चे खिळे : पुण्यातल्या जुन्या कार्यकर्त्यांच्या मुलानातवंडांना खुले पत्र

प्रति,
ज्यांच्या घरातलं कोणी ना कोणी एके काळी मोर्चात, सत्याग्रहात, तुरुंगात किंवा सभेच्या आधी नुसतंच सतरंज्या घालायला जात होतं, अशी पुण्यातली मुलं, मुली, सुना, जावई आणि नातवंडं.

विषय : माळ्यावरच्या कॅसेटी.

स. न. वि. वि.

आमच्या शेजारच्या इमारतीला रिडेव्हलपमेंटसाठी घरं खाली करायची तारीख मिळाली, त्या आठवड्यातली गोष्ट. खाली रद्दीवाल्याची हातगाडी उभी होती. चौथ्या मजल्यावरच्या मुलानं बुटांच्या खोक्यात भरलेल्या कॅसेटी त्याच्यापुढे धरल्या. रद्दीवाल्यानं एक उचलली, कानाशी खुळखुळवली आणि परत ठेवली. "हे नको साहेब. ह्याला भाव नाही." मग ते खोकं गेटापाशी कचऱ्याच्या डब्यावर राहिलं. मी भाजी घेऊन येत होते. सगळ्यात वरच्या कॅसेटच्या कव्हरवर निळ्या शाईनं लिहिलं होतं : 'बाबा – येरवडा – २'.

मुलाला विचारलं आणि खोकं घरी आणलं. तो म्हणाला, "खुशाल न्या काकू. आमच्याकडे ते वाजवायलाच काही नाही." खरंच होतं त्याचं. आज किती घरांत टेपरेकॉर्डर आहे? त्याला ते खोकं टाकवतही नव्हतं आणि ठेवताही येत नव्हतं. तुमच्यापैकी बहुतेकांची हीच गत आहे, म्हणून हे पत्र. सरकारला, महापालिकेला किंवा एखाद्या संस्थेला लिहिलं असतं तर पोच मिळाली असती. कॅसेटी मात्र तुमच्या माळ्यावर आहेत.

माझी ओळख एवढीच, की मी ३२ वर्षं टेलिफोन खात्यात ऑपरेटर होते. दुसऱ्यांचे आवाज जोडून देण्यात जन्म गेला. आमच्या घरातही १४ कॅसेटी आहेत. १९८७ च्या मे महिन्यात माझा भाऊ मस्कतहून टू-इन-वन, म्हणजे रेडिओ आणि टेपरेकॉर्डर एकत्र, घेऊन आला आणि अण्णांना, म्हणजे आमच्या वडिलांना, रोज दुपारी झोपेतून उठल्यावर समोर बसवून बोलतं केलं. सगळ्या नव्वद मिनिटांच्या. म्हणजे २१ तास. अण्णा १९९४ मध्ये गेले. कॅसेटी आधी भावाकडे, मग माझ्याकडे, मग पलंगाखालच्या पेटीत.

दोन वर्षांपूर्वी मी त्या घेऊन शहरातल्या एका संस्थेत गेले. टेबलामागच्या गृहस्थांनी आदरानं बसवलं, पाणी दिलं आणि विचारलं, "भाषणं आहेत का? कोणाची?"

"माझ्या वडिलांच्या आठवणी आहेत."

"हो, पण ते कोण?"

मी म्हटलं, कंपॉझिटर. छापखान्यात खिळे, म्हणजे शिशाची सुटी अक्षरं, जुळवणारे. त्यांनी मान हलवली, एक अर्ज दिला. अर्जात 'भूषविलेली पदे' असा रकाना होता. मी तो अर्ज घडी करून पर्समध्ये ठेवला. अजून पर्समध्येच आहे.

रागावून नाही सांगत. जागेची अडचण, माणसांची अडचण, सगळं मला कळतं. पण त्या रकान्यानं एक गोष्ट लख्ख दिसली. नेत्याचं भाषण राहतं. वर्तमानपत्रात येतं, पुस्तकात येतं, शंभरीला स्मारकग्रंथात पुन्हा येतं. ते भाषण ज्या पत्रकामुळे हजारो लोकांनी ऐकलं, ते पत्रक रात्री दोनला कोणी जुळवलं, हे मात्र कुठल्याच रकान्यात बसत नाही.

तिसऱ्या कॅसेटवर काय आहे ते सांगते. १६ जानेवारी १९५६ ला नेहरूंनी रेडिओवरून मुंबई केंद्रशासित करण्याचं जाहीर केलं. मुंबईत गोळीबार झाले. पुढे ६ फेब्रुवारीला आपल्या टिळक स्मारक मंदिरात केशवराव जेध्यांच्या अध्यक्षतेखाली संयुक्त महाराष्ट्र समिती स्थापन झाली. इतकं सगळ्यांना ठाऊक असतं. त्या तीन आठवड्यांत नारायण पेठेतल्या एका छापखान्यात काय चाललं होतं, ते अण्णा सांगतात :

"पत्रकात महाराष्ट्र हा शब्द ओळीओळीला. आमच्याकडे 'ष्ट्र'चे खिळे असायचे किती, मोजकेच. लग्नपत्रिकेत कुठे येतो 'ष्ट्र'? मुंजीच्या पत्रिकेत येतो? तर ते संपायचे. मग काय करायचं, अर्धं पत्रक छापून होईस्तोवर थांबायचं. छापलं की खिळे धुवायचे, परत केसमध्ये टाकायचे आणि उरलेलं अर्धं जुळवायला घ्यायचं. संयुक्त महाराष्ट्र आम्ही असा अर्धा-अर्धा छापलाय."

आणि हसतात. त्या हसण्यात तंबाखूचा खोकला मिसळलेला आहे.

पुढे ते म्हणतात, की एका पत्रकावर छापखान्याचं नाव घातलंच नाही. मालकाला माहीत होतं आणि नव्हतंही. आता हे साधं नाही. १८६७ च्या कायद्यानं छापील कागदावर मुद्रकाचं नाव आणि छापखान्याचं ठिकाण घालणं बंधनकारक होतं. न घालणं हा गुन्हा. त्या पत्रकाची एखादी प्रत आज कोणाच्या संग्रहात असेलही. पण अभ्यासक ते कितीही उलटंपालटं करून बघो, कुठे छापलं ते त्याला कळायचं नाही, कारण कळू नये म्हणूनच ते तसं छापलं होतं. कळायची जागा एकच. कॅसेट ३, बाजू अ, २२ वं मिनिट.

कागदाचं म्हणाल, तर आपल्या पेठांमध्ये कागदाचा हिशेब १२ जुलै १९६१ ला मिटला. पानशेत फुटलं, मग खडकवासला फुटलं आणि नदीकाठच्या वाड्यांत तळमजल्यावर जे जे होतं ते गेलं. पत्रव्यवहार, वह्या, फोटो, समितीच्या पावतीपुस्तकांची अर्धुकं. इतिहासकार राजवाडे गावोगाव दप्तरं शोधत हिंडले, ती वाड्यांच्या फडताळांत आणि कोठीच्या खोल्यांत निदान पडून तरी होती. आमच्या पिढीला तेही नाही. पुरानंतर माणसं गोखलेनगर, सहकारनगर, लोकमान्यनगर अशा वसाहतींत गेली, रिकाम्या हातांनी. तिथे जो काही ठेवा पुन्हा जमला तो तोंडी जमला. जेवताना, गच्चीवर, गणपतीत. पुढे ऐंशीच्या दशकात कोणाचा भाऊ आखातातून आला, कोणी पहिल्या पगारातून टेप घेतला, म्हणून त्यातला थोडा भाग चुंबकीय फितीवर उतरला. आता त्याच वसाहती पाडायला निघाल्या आहेत आणि फिती गेटापाशी उभ्या आहेत.

म्हणून कोणी म्हटलं की "अहो, कागदपत्र असेल तर बोला, आठवणींवर काय विश्वास ठेवायचा", तर त्याला आधी विचारा, १९६१ साली तुमचं घर नदीपासून किती लांब होतं.

अर्थात आठवणी खोटंही बोलतात. तेही सांगते, कारण आमच्याच घरात घडलं.

अण्णांच्या कपाळावर डाव्या भुवईच्या वर एक खूण होती. आम्ही लहानपणापासून सगळ्यांना सांगत आलो, की ही पोर्तुगीज शिपायाच्या काठीची खूण. अण्णा गोव्याच्या सत्याग्रहाला गेले होते ना! १८ मे १९५५ ला सेनापती बापट आणि नानासाहेब गोरे यांची पहिली तुकडी गोव्यात शिरली. मग त्या उन्हाळ्या-पावसाळ्यात तुकड्यांमागून तुकड्या गेल्या आणि १५ ऑगस्टला हजारोंनी हद्द ओलांडली. पत्रादेवीला आणि इतर ठिकाणी गोळ्या चालल्या, वीसहून अधिक माणसं गेली. अण्णा त्या १५ ऑगस्टच्या लोकांतले. आत्याच्या लग्नात हे सांगितलं गेलं, माझ्या लग्नात सांगितलं गेलं. १९७२ साली स्वातंत्र्यसैनिकांना ताम्रपट वाटले गेले तेव्हा काका मागे लागले होते, अर्ज कर, अर्ज कर. अण्णा अशा वेळी उठून बाहेर जायचे. आम्ही म्हणायचो, केवढा निरपेक्ष माणूस!

कॅसेट ५, बाजू ब. भाऊ विचारतो, "अण्णा, हद्द ओलांडली तेव्हा काय झालं?"

"मी हद्द ओलांडलीच नाही रे."

यानंतर ११ सेकंद काही नाही. फक्त पंखा. मी घड्याळ लावून मोजलं आहे.

मग ते सांगतात. सावंतवाडीत ताप भरला. बाकीचे त्यांना धर्मशाळेत ठेवून पुढे गेले. दुपारनंतर जखमी यायला लागले. "एकाची चप्पल एकच होती. तो सारखी दुसरी मागत होता. मी पाणी पाजलं. तेवढंच केलं." आणि कपाळाची खूण? ती छापखान्यातली. ट्रेडल मशीनवर वाकताना लागलेलं.

हे पहिल्यांदा ऐकलं तेव्हा माझ्याही मनात आलं, की हा भाग उतरवायला नको. वहिनी तर उघडच म्हणाल्या, "राहू दे ना ते. कोणाचं काय अडलंय?" त्या रात्री मला झोप लागली नाही. आणि सकाळी उठून मी तो भाग सगळ्यात आधी उतरवला.

कारण साधं आहे. हद्द ओलांडलेल्यांच्या आठवणी पुष्कळ आहेत आणि त्या छापूनही आल्या आहेत. पण जखमी जिथे परत आणले, तिथे आधीपासून पडून असलेल्या, तापानं फणफणलेल्या २३ वर्षांच्या पोराला ती दुपार कशी दिसली, हे सांगणारे किती असतील? आणि तो खरं बोलतो आहे हे मला कशावरून कळतं? बारीकसारीक गोष्टींवरून. तो म्हणतो, "पुण्याहून लहान गाडीनं निघालो." पुणे-मिरज मार्ग तेव्हा मीटर गेज होता, १९७१ मध्ये मोठा झाला. १९८७ साली नुसती ऐट मारायला बसलेला माणूस ट्रेन म्हणाला असता, गाडी म्हणाला असता. लहान गाडी हा शब्द त्यात बसलेल्या माणसाचा आहे. स्वतःची फजिती सांगणाऱ्या माणसाचं मी बाकीचंही ऐकते. 'ष्ट्र'च्या खिळ्यांवर माझा विश्वास बसला तो या ताप आलेल्या माणसामुळे.

तुमच्या कॅसेटीत असं काही निघालं तर कृपा करून पुसू नका. आजोबांनी माफीनामा लिहून दिला असेल, पक्ष बदलला असेल, मोर्चाच्या दिवशी आजारी पडल्याचं सोंग केलं असेल. निघू दे.

पुसण्यावरून आठवलं. सातव्या कॅसेटच्या मध्येच सहा मिनिटं माझ्या भाचीची बडबडगीतं आहेत. १९९० च्या सुमाराला कोणीतरी तिच्यासाठी बटण दाबलं. त्या सहा मिनिटांखाली काय होतं, ते कोणालाच आठवत नाही. भाची आता बेंगळुरूला असते आणि दर वेळी माफी मागते. तेव्हा आज हे पत्र वाचून बाकी काही नाही केलंत तरी एक करा : प्रत्येक कॅसेटच्या वरच्या कडेला जे दोन लहान प्लास्टिकचे चौकोन असतात ते स्क्रू-ड्रायव्हरनं मोडून टाका. मग रेकॉर्डचं बटण दाबलंच जात नाही.

त्याच सातव्या कॅसेटच्या दुसऱ्या बाजूला पानशेत आहे. अण्णा रंगात येऊन सांगताहेत, की पाणी जिन्याच्या सातव्या पायरीला लागलं, सगळे कागद गेले, एका पेटीत समितीची पत्रकं होती, गोव्याच्या लोकांची पत्रं होती. "सगळं गेलं. काही म्हणजे काही वाचलं नाही." आणि मागून, लांबून, बहुधा स्वयंपाकघराच्या दारातून, बाईचा आवाज :

"काही वाचलं नाही म्हणे! पोरगी आणि पिठाचा डबा वर कोणी नेला?"

ती पोरगी म्हणजे मी. तीन महिन्यांची. आणि तो आवाज आईचा.

१४ कॅसेटी, २१ तास, आणि त्यात आईचा आवाज मी जोडून पाहिला तर सगळा मिळून चार मिनिटं भरत नाही. तिला विचारलेला प्रश्न एकच आहे : "चहा टाकतेस का?" अण्णा गोव्याला निघाले तेव्हा त्यांचं लग्न ठरलेलं होतं, मग तिच्या माहेरचे काय म्हणाले? छापखान्यावर पोलीस येऊन गेले त्या महिन्यात पगार झाला होता का? आणीबाणीत खालच्या मजल्यावरचे आजोबा मिसाखाली, म्हणजे विनाचौकशी अटकेच्या कायद्याखाली, येरवड्याला गेले, तेव्हा त्यांच्या बायकोचा डबा आमच्याकडून जायचा, असं मला पुसट आठवतं. तो १९ महिने गेला की पहिले दोनच? हे सगळं आईला माहीत होतं. ती २००९ पर्यंत होती. अण्णांनंतर १५ वर्षं. टेपरेकॉर्डर घरात, मी घरात, आणि मी दिवसभर ऑफिसात अनोळखी माणसांचे आवाज जोडत होते. यावर मला अजून काही बोलता येत नाही, म्हणून पुढे जाते.

बायकांना विचारा. एवढंच. ज्यांनी हे वेळेवर केलं ते आपल्या पुण्यातच होते. हेमा राइरकर आणि गी प्वातवाँ यांनी मुळशी-मावळाकडच्या डोंगरी गावांपासून सुरुवात करून जात्यावरच्या ओव्या गोळा केल्या. त्या लाखाच्या वर गेल्या. त्यात सासर-माहेर आहे तसे बाबासाहेबही आहेत. दळणाऱ्या बाईच्या तोंडून आलेलं राजकारण आहे ते. मला त्यातलं सगळ्यात मोठं वाटतं ते हे, की ओवीबरोबर बाईचं नाव आणि गाव लिहून ठेवलं. आमच्या कव्हरांवर काय लिहिलं आहे? 'अण्णा १', 'अण्णा २', आणि एका कव्हरवर नुसतं 'हीच ती'. भावाला विचारलं, हीच ती म्हणजे कोणती? त्यालाही आठवेना.

हे पत्र पेठांपुरतं आहे असं मात्र समजू नका. १९२९ मध्ये पर्वतीच्या देवळात प्रवेशासाठी दलितांनी सत्याग्रह केला, दगड खाल्ले. त्या घरांतली तिसरी-चौथी पिढी आज याच शहरात आहे. भवानी पेठेत, मार्केट यार्डात हमाल पंचायतीच्या सभांना बसलेली माणसं आहेत. १९७४ पासून पंचायतीच्या 'कष्टाची भाकर' या स्वस्त जेवणाच्या केंद्रात भाकऱ्या थापलेल्या बाया आहेत. त्यांच्याकडे टू-इन-वन नव्हता, आखातातला भाऊ नव्हता, त्यामुळे जुन्या कॅसेटीही नाहीत. पण आज फोन प्रत्येकाच्या हातात आहे. १९७५ ला जो २५ वर्षांचा होता तो आज पंचाहत्तरी ओलांडून बसला आहे. १९५५ ला विशीत असलेला कोणी असेल तर नव्वदीचा. गणित मांडून बघा आणि या रविवारीच बसा.

बसाल तेव्हा पंखा बंद करा. आमच्या २१ तासांत पंखा अण्णांच्या बरोबरीनं बोलतो. कुकर आधी लावून घ्या. फोन टेबलावर ठेवू नका, टेबलावर कप ठेवला तरी तोफ उडाल्यासारखं ऐकू येतं. घडी केलेल्या टॉवेलवर ठेवा, बोलणाऱ्याच्या जवळ, हातभरावर. सुरुवातीला तुमच्या आवाजात तारीख, जागा आणि दोघांची नावं बोला, 'हीच ती' होऊ देऊ नका. आणि "आजोबा, चळवळीबद्दल सांगा ना" असं विचारू नका, ते लगेच शाळेत प्रमुख पाहुणे म्हणून गेल्यासारखे बोलायला लागतात. त्या दिवशी जेवला होतात का, पायात काय होतं, घरी काय सांगून निघालात, किती पैसे होते खिशात, असं विचारा. मग गप्प बसा. भाऊ त्या ११ सेकंदांत काही बोलला असता तर सावंतवाडी आम्हाला कधीच कळली नसती. त्याचं मला फार कौतुक आहे, एरवी तो कोणाला बोलू देत नाही. नवरा-बायको दोघं असतील तर एकेकदा एकट्याला बसवा. आणि झालेलं रेकॉर्डिंग व्हॉट्सॲपवर पाठवून 'सेव्ह झालं' म्हणू नका. फोन बदलला की ते गेलं.

जुन्या कॅसेटींचं थोडं वेगळं. मी रविवारी जुन्या बाजारातून एक डेक घेतला, त्याचा रबरी पट्टा सैल झाला होता तो बुधवार पेठेत तपकीर गल्लीत बदलून आणला, संगणकाला जोडायची वायर तिथेच मिळाली. वर्षानुवर्षं न हललेली फीत एकदम वाजवू नका, आधी सावकाश शेवटपर्यंत पुढे न्या आणि परत मागे आणा. आवाज पाण्याखालून आल्यासारखा वाटला तर घाबरू नका. फितीच्या मागे बारीक पट्टीवर नखाएवढा नमद्याचा तुकडा असतो, त्याचा गोंद सुटलेला असतो, तो नेमका परत चिकटवला की माणूस पाण्याबाहेर येतो. फितीवर पांढरी बुरशी दिसली तर मात्र लावूच नका, तो डेक पुढच्या कॅसेटलाही ती देतो. जाणत्या माणसाकडे न्या. उतरवताना एमपीथ्री नको, वेव्ह फाइल करा, ४८ किलोहर्ट्‌झ आणि २४ बिटवर. तासाला साधारण एक जीबी होते. म्हणजे अण्णांचं सगळं आयुष्य २२ जीबी. तुमच्या फोनमध्ये त्याहून जास्त गुड मॉर्निंग असतील. तीन प्रती करा आणि त्यातली एक दुसऱ्या घरात, शक्यतो दुसऱ्या गावात ठेवा. पुराचं मी वर लिहिलंच आहे. आणि उतरवून झालं म्हणून मूळ कॅसेट टाकू नका.

एक अवघड गोष्ट राहिली. नवव्या कॅसेटवर अण्णा एका माणसाचं नाव घेतात. छापखान्याची बातमी त्यानं पोलिसांना दिली, असं त्यांचं म्हणणं. ते खरं की नुसता संशय, कोण सांगणार? तो माणूस गेला, पण त्याची नातवंडं आमच्यापासून दोन गल्ल्या पलीकडे राहतात, वाटेत भेटली की "मावशी, कशा आहात" विचारतात. ती चार मिनिटं मी पुसलेली नाहीत आणि कोणाला ऐकवणारही नाही. वेगळ्या फाइलमध्ये ठेवली, वर लिहिलं, २०५० पर्यंत उघडू नये. तोवर मी नसेन. ज्याच्या हातात जाईल त्यानं ठरवावं. इतिहासाची चाड असणारे मला म्हणतील, हे झाकणं झालं. असेल. गल्लीत त्यांना राहायचं नाही, मला राहायचं आहे.

पुतण्याला हे सगळं कळलं तेव्हा त्याला भरून आलं आणि दुसऱ्या दिवशी तो दोन कल्पना घेऊन आला. पहिली, की 'ष्ट्र'चे खिळे या विषयावर एक मिनिटाचं रील करायचं, खाली तुतारीचं संगीत. ते मी तुतारी वगळून मान्य केलं. दुसरी, की इतका आवाज आपल्याकडे आहे तर एआयला शिकवून अण्णांकडून आजच्या राजकारणावर बोलवून घ्यायचं. "काय भारी होईल काकू!" मी म्हटलं, बाळा, त्या माणसानं आयुष्यभर दुसऱ्यांचे शब्द जुळवले. स्वतःचे म्हणून हे २१ तास आहेत. त्यात एकही नवा शब्द घालायचा नाही. तो थोडा हिरमुसला. पण आता कॅसेटींची अनुक्रमणिका तोच टाइप करतो आहे, मिनिटांसकट, आणि परवा त्यानं मला फोन करून विचारलं, "काकू, ट्रेडल म्हणजे काय?"

माझा डेक चालू आहे. शनिवारी दुपारी मी मोकळी असते आणि आसपासच्या सोसायट्यांत मी कुठे राहते ते सगळ्यांना ठाऊक आहे. कॅसेट आणाल तर कव्हरासकट आणा, आतल्या कागदावर पेन्सिलीनं काही लिहिलेलं असतं, तेही लागतं. आणि एकटे येऊ नका, घरातल्या एखाद्या म्हाताऱ्या बाईला बरोबर आणा. फीत वाजायला लागली की मागून बोलायला कोणीतरी हवं.

आपली,
एका कंपॉझिटरची मुलगी

ता. क. चौथ्या मजल्यावरच्या मुलाची 'बाबा – येरवडा – २' मी अजून लावलेली नाही. तो नव्या जागी स्थिरावला की पुढच्या महिन्यात येतो म्हणाला आहे, तेव्हा दोघं मिळून ऐकू. 'येरवडा – १' त्या खोक्यात नव्हती. निळ्या शाईचं, जाड अक्षर आहे, 'ड'ची शेपटी लांब. कोणी ऐकायला म्हणून नेली असेल आणि परत द्यायची राहिली असेल, तर कृपया माळा बघा.